कासचा तो फोटो मोनार्कचा नाहीये
साताऱ्याच्या ग्रुपवर दोन दिवस फिरतंय की कासच्या वाटेवर अमेरिकेतलं दुर्मिळ मोनार्क फुलपाखरू आलंय. मंडळी, तो आपला प्लेन टायगर आहे, रुईवर वाढणारा. मोनार्कच्या पंखांवर ठळक काळ्या शिरा असतात, फोटोतल्याला नाहीत, आणि खाली पानावरचा तो पट्ट्यापट्ट्यांचा सुरवंट झूम करून बघा ना, शिंगांसारख्या काळ्या शेंड्यांच्या तीन जोड्या आहेत, मोनार्कच्या सुरवंटाला दोनच असतात. खरा मोनार्क कॅनडा-अमेरिकेतून जवळपास ४००० किमी उडत मेक्सिकोच्या डोंगरात थंडी काढायला जातो, तणनाशकांनी तिकडचं मिल्कवीड (त्याचा सुरवंट ज्यावर वाढतो ती वनस्पती) कमी झालं, वर जंगलतोड, म्हणून २०२२ ला आययूसीएन ह्या जागतिक निसर्गसंवर्धन संस्थेने ह्या स्थलांतरित मोनार्कला धोक्यातल्या यादीत टाकलं. आपला अजून भरपूर दिसतो, फक्त बांधावरची रुई सरसकट तोडू नका प्लीज.