लखोबाने पणशीकरांना गिळलं नाही

प्रभाकर पणशीकरांवरचा एक मजकूर पुन्हा पुन्हा पुढे पाठवला जातो. 'तो मी नव्हेच'मधला लखोबा लोखंडे इतका गाजला की त्याने पणशीकरांमधला नट गिळून टाकला, जन्मभर एकच भूमिका करता करता त्यांचं यंत्र झालं, असं त्यात म्हटलेलं असतं. दरवेळी वाचून जीव तुटतो, म्हणून लिहितोय.

'एकच भूमिका'? अत्र्यांचं हे नाटक १९६२ साली रंगमंचावर आलं. निपाणीचा तंबाखूचा व्यापारी लखोबा फसवणुकीच्या खटल्यात आरोपी म्हणून कानडी हेलात बोलत कोर्टात उभा असतो. फिरता रंगमंच वळतो, कोर्ट जातं, कुणाचं तरी घर समोर येतं, आणि तोच नट दिवाकर दातार होऊन आलेला असतो. पुढे कॅप्टन परांजपे, पुढे राधेश्याम महाराज. पोशाख बदलायला मिळतात मोजकी मिनिटं. त्यात चाल बदलायची, आवाज बदलायचा, हेल पुसून टाकायचा. मग पुन्हा कोर्ट आलं की तोच हेल जसाच्या तसा लावायचा. एका साच्यात अडकलेल्या नटाला हे झेपेल?

यंत्राचं म्हणाल, तर लखोबा स्वतःच आपली बाजू लढवतो, साक्षीदारांची उलटतपासणी घेतो. समोरचे कलाकार इतक्या वर्षांत बदलत गेले. नवा साक्षीदार अर्धा क्षण जास्त थांबला, तर पुढचा प्रश्न त्या थांबण्यावर टाकावा लागतो. पाठ केलेल्या आवाजात उलटतपासणी रंगत नाही.

पणशीकर या भूमिकेला विटले होते, असंही कुणीतरी जोडून देतं. आत्मचरित्राला त्यांनी नाव दिलं 'तोच मी'. विटलेला माणूस असं नाव ठेवेल, हे मला पटत नाही.

नाव घेतल्यावर आधी लखोबाच आठवतो, हे मात्र खरं. माझंही तसंच होतं. पण म्हणून त्यांनी दुसरं काही केलंच नाही असं कसं म्हणता येईल? 'इथे ओशाळला मृत्यू'तला औरंगजेब त्यांचा. 'अश्रूंची झाली फुले'मध्ये तत्त्वनिष्ठ प्राध्यापक विद्यानंद तुरुंगात जातो आणि बाहेर येतो तो गुन्हेगार होऊन. ती घसरणही त्यांनीच उभी केली, तीही समोर काशिनाथ घाणेकरांचा लाल्या टाळ्या घेत असताना. आणि १९६७ साली 'कट्यार काळजात घुसली' रंगमंचावर आणणारी, वसंतराव देशपांड्यांचा खाँसाहेब महाराष्ट्राला देणारी नाट्यसंपदा ही संस्थाही पणशीकरांचीच.