आर्टरायटिस म्हणजे ‘ब्लॉकेज’ नव्हे

धमन्यांच्या आजाराबद्दलचा एक मजकूर सध्या या ग्रुपवरून त्या ग्रुपवर फिरतो आहे. त्याचा गोषवारा असा: आर्टरायटिस म्हणजे धमनीत चरबी साचून झालेलं ब्लॉकेज, तो आर्थ्रायटिसचाच एक प्रकार, होतो फक्त म्हातारपणी, रक्ताचा रिपोर्ट नॉर्मल आला की चिंता मिटली, आणि डॉक्टर स्टेरॉइड देतील, ती शक्यतो टाळा, घेतलीच तर बरं वाटताच बंद करा. यातलं एकही विधान बरोबर नाही. पहिली तीन अज्ञानातून आलेली आहेत. शेवटच्या दोनांवर विश्वास ठेवून कोणी वागलं, तर त्याची दृष्टी कायमची जाऊ शकते. म्हणून एकेक मुद्दा घेऊन उत्तर देणं मला गरजेचं वाटतं.

‘पाइपमध्ये गाळ बसतो तशी धमनीत चरबी बसते, तिलाच आर्टरायटिस म्हणतात.’ हे वर्णन अथेरोस्क्लेरोसिसचं आहे आणि तो वेगळा आजार आहे. आर्टरायटिस म्हणजे धमनीदाह, म्हणजे धमनीच्या भिंतीचाच दाह. ही भिंत तीन थरांची असते: आत नाजूक अस्तर, मध्ये स्नायू आणि लवचिक तंतू, बाहेर आवरण. जायंट सेल आर्टरायटिस या मोठ्यांमधल्या सर्वांत परिचित प्रकारात शरीराच्या स्वतःच्याच प्रतिकारशक्तीच्या पेशी बाहेरच्या आवरणातून भिंतीत शिरतात. तिथे टी-पेशी आणि मॅक्रोफेज जमतात, मधल्या थरातले लवचिक तंतू तुटू लागतात आणि त्या इजेला उत्तर म्हणून आतलं अस्तर जाड होत जातं. सूक्ष्मदर्शकाखाली अशा धमनीचा काप पाहिला तर तुटलेल्या लवचिक पट्टीच्या आसपास अनेक केंद्रकं असलेल्या प्रचंड पेशी दिसू शकतात. आजाराचं नाव त्यांच्यावरूनच पडलं. कोलेस्टेरॉलचा थर हे काही या आजाराचं कारण नाही. लिपिड प्रोफाइल अगदी उत्तम असलेल्या माणसालाही हा आजार होऊ शकतो.

घोटाळा होतो तो शेवटच्या परिणामामुळे. अस्तर जाड झालं की रक्ताची वाट अरुंद होते, पुढच्या अवयवाला रक्त कमी पडतं, आणि वरवर पाहता चित्र ब्लॉकेजसारखंच दिसतं. पण धमनीदाहात उलटंही घडतं: कमकुवत झालेली भिंत फुगते, महाधमनीला फुगवटा येतो, क्वचित ती फाटते. पाइप आणि गाळ या उदाहरणात ही गोष्ट बसतच नाही. उपचारही वेगळे आहेत. स्टॅटिन या कोलेस्टेरॉल कमी करणाऱ्या गोळीने धमनीदाह शमत नाही. अरुंद धमनीत स्टेंट टाकण्याची वेळ काही रुग्णांवर येते, पण शक्यतो आधी दाह आटोक्यात आणतात, कारण भिंत धगधगत असताना केलेली अशी दुरुस्ती टिकण्याची शक्यता कमी असते.

इथे एक आक्षेप येईल आणि तो रास्त आहे: अथेरोस्क्लेरोसिसमध्येही दाह असतोच ना? असतो. 2017 साली प्रसिद्ध झालेल्या कँटोस या मोठ्या चाचणीत कॅनाकिन्युमॅब या दाहविरोधी औषधाने कोलेस्टेरॉल कमी न करताही हृदयविकाराच्या झटक्यांचं प्रमाण घटल्याचं दिसलं. तरीही कुठलाच डॉक्टर हृदयाच्या नेहमीच्या ब्लॉकेजला आर्टरायटिस म्हणत नाही. प्रतिकारशक्तीने किंवा क्वचित एखाद्या संसर्गाने धमनीच्या भिंतीवर केलेला थेट हल्ला हाच जिथे मूळ आजार असतो, तिथेच हा शब्द वापरतात.

वापराबद्दल आणखी थोडं, कारण रिपोर्टवर वेगवेगळी नावं पाहून लोक गोंधळतात. व्हॅस्क्युलायटिस ही मोठी छत्री; तिच्यात धमन्या, शिरा, केशवाहिन्या अशा कुठल्याही रक्तवाहिनीचा दाह येतो. आर्टरायटिस त्यातला फक्त धमन्यांचा. शिरेचा दाह म्हणजे फ्लेबायटिस, महाधमनीचा दाह म्हणजे एओर्टायटिस. 1994 साली अमेरिकेतल्या चॅपल हिल इथे तज्ज्ञांनी या आजारांच्या नावांवर एकमत केलं आणि 2012 मध्ये त्यात सुधारणा केल्या. कानशिलाजवळच्या धमनीवरून पडलेलं ‘टेम्पोरल आर्टरायटिस’ हे जुनं नाव मागे पडलं ते याच प्रक्रियेत. कारण साधं होतं: जायंट सेल आर्टरायटिसच्या प्रत्येक रुग्णात ती धमनी आजारी असतेच असं नाही, आणि ती आजारी असली तरी आजार दुसरा असू शकतो. जुन्या कागदांवर ते नाव अजून भेटतं. तेव्हा दोन रिपोर्टवर दोन नावं दिसली म्हणून दोन आजार झाले असं समजू नये.

आर्थ्रायटिसचा मुद्दा फार वेळ घेण्यासारखा नाही. तो सांध्यांचा दाह, हा धमन्यांचा. उच्चार जवळचे आहेत आणि दोन्हींचे रुग्ण बहुधा ऱ्हुमॅटॉलॉजिस्टकडेच, म्हणजे सांधेविकारतज्ज्ञाकडेच, जातात, म्हणून गल्लत होते. एक गोष्ट मात्र लक्षात ठेवण्यासारखी आहे. पॉलिमायाल्जिया ऱ्हुमॅटिका नावाच्या आजारात खांदे आणि कंबर सकाळी इतकी आखडतात की हात वर करणंही जड जातं, आणि जायंट सेल आर्टरायटिसच्या साधारण निम्म्या रुग्णांत हा त्रासही आढळतो. अशा आखडलेपणाचं निदान झालेल्या माणसाला नव्याने डोकेदुखी सुरू झाली, तर ती डॉक्टरांना सांगितलीच पाहिजे.

‘हा फक्त म्हातारपणीचा आजार.’ जायंट सेल आर्टरायटिस पन्नाशीच्या आत जवळपास होतच नाही, सत्तरी-ऐंशीत सर्वाधिक दिसतो, हे खरं. पण धमनीदाह म्हणजे तेवढाच एक नव्हे. 1908 साली मिकितो ताकायासु या जपानी नेत्रतज्ज्ञाने 21 वर्षांच्या एका तरुणीच्या डोळ्याच्या पडद्यावर रक्तवाहिन्यांची विचित्र वर्तुळं पाहिली. त्याच सुमारास दोन सहकाऱ्यांनी, अशा रुग्णांच्या मनगटावर नाडीच लागत नाही, हे निदर्शनास आणलं. ताकायासु आर्टरायटिस मुख्यतः चाळिशीच्या आतल्या स्त्रियांना होतो. महाधमनी आणि तिच्या मोठ्या शाखा त्यात आजारी पडतात. हात वापरताना लवकर भरून येणं, दोन हातांच्या रक्तदाबात मोठा फरक, तरुण वयात अचानक चढलेलं बीपी, अशी त्याची लक्षणं असतात. मूत्रपिंडाची धमनी अरुंद झाली की रक्तदाब वाढतो. अशा मुलीला ‘तुझ्या वयात धमन्यांचं काही नसतं’ म्हणून वर्षानुवर्षं परत पाठवलं जातं, याचं मला मनापासून वाईट वाटतं. दोन्ही हातांचं बीपी मोजायला किती वेळ लागतो?

आणि लहान मुलं? कावासाकी आजारात, ज्याचं वर्णन तोमिसाकु कावासाकी यांनी 1967 मध्ये केलं, मुख्यतः पाच वर्षांखालच्या मुलांच्या धमन्यांना दाह होतो. पाच किंवा जास्त दिवस न उतरणारा ताप, लाल डोळे, फुटलेले लाल ओठ, सुजलेले तळहात-तळपाय, अंगावर पुरळ. उपचार न मिळालेल्या सुमारे एक चतुर्थांश मुलांच्या हृदयाच्या धमन्यांना फुगवटे येतात; पहिल्या दहा दिवसांत शिरेतून इम्युनोग्लोब्युलिन (प्रतिपिंडांचं औषध) दिलं तर हे प्रमाण पाच टक्क्यांच्या आसपास येतं.

आता मजकुरातला सर्वांत घातक भाग. ‘ईएसआर नॉर्मल असेल तर आर्टरायटिस नाही, आणि बायोप्सीने सिद्ध झाल्याशिवाय औषध सुरू करू नका.’

ईएसआर आणि सीआरपी या शरीरातला दाह दाखवणाऱ्या रक्ताच्या दोन्ही तपासण्या उपयोगी आहेत आणि बहुतेक रुग्णांत त्या वाढलेल्या असतात. बहुतेक म्हणजे सगळ्या नव्हे. थोड्या रुग्णांत दोन्ही नॉर्मल येतात. उलट साध्या संसर्गातही त्या वाढतात. त्यामुळे जायंट सेल आर्टरायटिसचं निदान लक्षणांपासून सुरू होतं, आणि ती लक्षणं रुग्णाच्या बोलण्यातूनच कळतात. पन्नाशीनंतर पहिल्यांदाच सुरू झालेली, कानशिलाकडची डोकेदुखी. केसांत कंगवा फिरवताना किंवा उशीवर डोकं टेकताना टाळू दुखणं. घास चावता चावता जबडा दुखायला लागणं आणि चावणं थांबवल्यावर दुखणं ओसरणं: याचं कारण जबड्याच्या स्नायूंना कामाच्या वेळी रक्त पुरत नाही. सोबत बारीक ताप, वजन घटणं, गळून गेल्यासारखं वाटणं. आणि एका डोळ्यासमोर काही मिनिटं पडदा ओढल्यासारखं होऊन पुन्हा दिसू लागणं.

या शेवटच्या लक्षणानंतर दुसऱ्या दिवसाची वाट पाहू नये, त्याच दिवशी रुग्णालय गाठावं. डोळ्याच्या नसेला रक्त पुरवणाऱ्या बारीक धमन्या बंद झाल्या की नस मरते, आणि गेलेली दृष्टी सहसा परत येत नाही. या आजारात साधारण 15 ते 20 टक्के रुग्णांची कमी-जास्त दृष्टी कायमची जाते. एक डोळा गेल्यावर उपचार झाले नाहीत तर काही दिवसांत-आठवड्यांत दुसराही जाऊ शकतो. म्हणूनच दाट संशय असला की डॉक्टर स्टेरॉइड लगेच सुरू करतात आणि बायोप्सी, म्हणजे धमनीचा छोटा तुकडा काढून तपासणं, त्यानंतर काही दिवसांत करतात. औषध सुरू झाल्यावर साधारण दोन आठवडे तरी धमनीतल्या दाहाच्या खुणा पुसल्या जात नाहीत, त्यामुळे थांबून काहीच पदरात पडत नाही. सोनोग्राफीत धमनीभोवती जे काळं वलय दिसतं ते मात्र औषधाने काही दिवसांतच विरू लागतं, म्हणून ती तपासणी लवकर उरकावी. पण तिच्यासाठी औषध अडवून ठेवू नये. बायोप्सी निगेटिव्ह आली म्हणजे आजार नाही असंही नाही. दाह सलग नसतो, मध्ये मध्ये निरोगी तुकडे असतात, आणि काढलेला तुकडा नेमका तसा असू शकतो.

राहिला स्टेरॉइडचा मुद्दा. त्यांचे दुष्परिणाम खरे आहेत: साखर वाढते, हाडं ठिसूळ होतात, रक्तदाब चढतो, संसर्गाचा धोका वाढतो. ते नाकारण्याचं कारण नाही. पण त्यावरचा उपाय म्हणजे साखर आणि हाडांवर लक्ष ठेवणं, कॅल्शियम आणि ड जीवनसत्त्व घेणं, डोस टप्प्याटप्प्याने कमी करणं. जायंट सेल आर्टरायटिसमध्ये सुरुवातीचा डोस सहसा रोज 40 ते 60 मिलिग्रॅम प्रेडनिसोलोनचा असतो. दृष्टीला धोका असेल तर आधी शिरेतून मिथिलप्रेडनिसोलोन देतात. डोकेदुखी बऱ्याचदा काही दिवसांतच पळते. नेमकं इथेच ‘बरं वाटताच बंद करा’ हा सल्ला घात करतो. वेदना थांबली तरी भिंतीतला दाह धुमसत असतो. डोस घाईने कमी केला की तो उसळतो. शिवाय काही आठवडे स्टेरॉइड घेतल्यावर शरीराच्या अधिवृक्क (अ‍ॅड्रिनल) ग्रंथी स्वतःचं कॉर्टिसोल, म्हणजे शरीराचं नैसर्गिक स्टेरॉइड, बनवणं कमी करतात. औषध एकदम तोडलं तर रक्तदाब कोसळून जीव धोक्यात येऊ शकतो.

ज्यांना स्टेरॉइड झेपत नाहीत किंवा ज्यांचा आजार पुन्हा पुन्हा उलटतो, त्यांच्यासाठी आता दुसरे मार्गही आहेत. टोसिलिझुमॅब या औषधाला 2017 मध्ये अमेरिकेच्या औषध नियंत्रकांनी या आजारासाठी मान्यता दिली. त्यामुळे स्टेरॉइड लवकर कमी करता येतात. ते घेणाऱ्यांनी एक गोष्ट ध्यानात ठेवावी: हे औषध सीआरपी खालीच ठेवतं, म्हणून रिपोर्ट नॉर्मल असतानाही आजार उलटू शकतो. डोकं, जबडा किंवा नजर यांत काहीही बदल जाणवला तर रिपोर्ट नॉर्मल आहे म्हणून गप्प बसू नये, डॉक्टरांना कळवावं. आणि स्टेरॉइड चालू असताना दात काढायचा असो की मोठं ऑपरेशन, समोरच्या डॉक्टरांना औषधाचं नाव आणि डोस आधी सांगावा.