फ्रान्सचा घात लाल विजारींनी केला?

सतत फिरणारा दावा असा: ‘१९१४मध्ये, पहिलं महायुद्ध सुरू झालं तेव्हा, फ्रेंच सेनापती लाल विजारींना कवटाळून बसले, जर्मन मशीनगनना आयतं लक्ष्य मिळालं, लाखो मेले, मग घाईघाईने आकाशी रंग शोधला.’ विजारी लाल होत्या, ठळक दिसत होत्या, हे खरं. पुढचं बघू.

‘सेनापती कवटाळून बसले.’ उलट, लष्करानेच १९०३च्या सुमारास करडा-निळा, १९०६मध्ये बदामी-निळा आणि १९११मध्ये करडा-हिरवा गणवेश वापरून पाहिला. ओरड केली वर्तमानपत्रांनी आणि खासदारांनी. ‘लाल विजार म्हणजेच फ्रान्स’ हे वाक्य ज्यांच्या नावावर सांगतात ते माजी युद्धमंत्री युजेन एतिएन राजकारणी होते, सेनापती नव्हेत. ९ जुलै १९१४ला नव्या कापडाचा कायदा झाला आणि ३ ऑगस्टला युद्ध उभं राहिलं. पंचवीस दिवसांत साऱ्या फौजेचे कपडे कोण शिवणार?

आणखी एक दावा: ‘लाल रंग फ्रेंच शेतकऱ्यांसाठी टिकवला.’ लाल विजारी आल्या त्या १८२९साठी हे थोडंफार पटेल. आपल्या मंजिष्ठेच्या कुळातलं, मुळांतून लाल रंग देणारं गारांस दक्षिण फ्रान्समध्ये पिकायचं. पण १८६९नंतर अलिझरीन या कृत्रिम लाल रंगाने ती शेती बुडवली, आणि १९१४मध्ये ते यायचं जर्मनीतून!

‘आकाशी रंग नव्याने शोधला.’ कायद्यातलं कापड निळ्या, पांढऱ्या आणि लाल लोकरीच्या मिश्रणाचं होतं. लोकर कातण्याआधीच रंगवून मिसळायची. लांबून कापड करडं दिसावं हा हेतू. युद्ध लागताच अलिझरीन बंद झालं, लाल वगळावा लागला, आणि उरलेल्या निळ्या-पांढऱ्यातून तो फिकट निळा निघाला. म्हणजे ‘क्षितिजाचा निळा’ या नावाने ओळखला जाणारा हा आकाशी रंग तुटवड्यातून आला. तो सर्वत्र पोचायला १९१५ उजाडलं. तोवर लाल विजारींवर निळ्या सुती विजारी चढवल्या, नाहीतर मिळेल त्या रंगाच्या कॉर्डरॉयवर भागवलं.

‘लाल रंगामुळे मेले.’ लाल केपी टोपीवर निळं आवरण असायचं, करड्या-निळ्या लांब कोटाखाली विजारीचा बराच भाग झाकला जायचा. पालथं पडलेल्या शिपायाच्या पाठपिशवीवरचा टिनचा डबाही उन्हात चमकून दगा द्यायचा. आणि २२ ऑगस्टला, सुमारे २७,००० फ्रेंच एका दिवसात मेले त्या दिवशी, बेल्जियममधल्या रोसिन्योलला जवळजवळ संपलेली तिसरी वसाहती डिव्हिजन लाल विजारींत नव्हतीच! ती सकाळच्या धुक्यात एकाच रस्त्याने लांबलचक रांगेत शिरली, सेम्वा नदीवरच्या पुलाशी जर्मन तोफांनी तिचे दोन तुकडे केले, आणि पुढचे जंगलातल्या मशीनगनसमोर अडकले.