अर्ध्यावर तोडलेला स्टीव्हन्सन

रॉबर्ट लुई स्टीव्हन्सन या स्कॉटिश लेखकाविषयीचा एक मजकूर सध्या व्हॉट्सॲपवर फिरतो आहे. त्याने इंजिनिअरिंग सोडले, गाढवाला जिवलग मित्र मानून तो चांदण्यात झोपत फ्रान्सभर मजेत हिंडला, आयुष्यात कधी काम केले नाही आणि ‘पोहोचण्यापेक्षा आशेने प्रवास करत राहणे श्रेष्ठ’ असा मंत्र देऊन गेला. तेव्हा तुम्हीही परीक्षा सोडा आणि सॅक उचला, असे त्याचे सार आहे. अभियांत्रिकीच्या शेवटच्या वर्षाला असलेल्या माझ्या भाचीने तो ‘मामा, नक्की वाच’ असे लिहून मला पाठवला, म्हणून हा खटाटोप.

सर्वांत आक्षेपार्ह आहे तो मंत्र, कारण ते वाक्य मध्येच तोडलेले आहे. ‘व्हर्जिनिबस प्युएरिस्क’ या १८८१च्या संग्रहातील ‘एल डोराडो’ नावाच्या छोट्या निबंधाचा शेवट या वाक्याने होतो, आणि ते तिथे असे आहे: आशेने प्रवास करत राहणे हे पोहोचण्यापेक्षा चांगले, आणि खरे यश कष्ट करण्यात आहे. संदेश लिहिणाऱ्याने नेमका कष्टांचा भाग गाळला आहे. शिवाय हा निबंध भटकंतीवर नाहीच. माणसाची इच्छा आणि कुतूहल कधी संपू नये, हा त्याचा विषय असून इतिहासकार आणि निबंधकार कार्लाइलची सगळी पुस्तके वाचून संपली म्हणून हवालदिल झालेला तरुण आणि रोमचा प्रचंड इतिहास लिहून पूर्ण केल्यावर खिन्न झालेला गिबन ही त्यातील उदाहरणे आहेत. वर्षानुवर्षे एकाच कामाला जुंपून घेणारा गिबन ज्या निबंधात आहे, त्यातून अभ्यास सोडण्याचा सल्ला काढायला विलक्षण धाडस लागते.

गाढवाच्या मैत्रीची कथा तर हास्यास्पद आहे. मॉडेस्टीन ही गाढवीण त्याने १८७८ मध्ये ल मोनास्तिए या गावी ६५ फ्रँक आणि एक ग्लास ब्रँडी देऊन सामान वाहण्यासाठी घेतली. ती चालेना म्हणून त्याने तिला काठीने बडवले. पुढे एका खाणावळवाल्याने टोकाला टाचणी बसवलेली पराणी करून दिली, तेव्हा त्याला केवढा आनंद झाला! तिच्या पुढच्या पायांची कातडी सोलवटून निघाली होती आणि रक्त वाहत होते, हे ‘ट्रॅव्हल्स विथ अ डाँकी इन द सेव्हेन’ या प्रवासवर्णनात तो स्वतःच नोंदवतो. बारा दिवसांत सुमारे १२० मैल तुडवल्यावर ती प्रवासाला निरुपयोगी ठरली, तेव्हा सँ-जाँ-द्यू-गार येथे त्याने तिला खोगिरासकट ३५ फ्रँकांना विकून टाकले. विकल्यानंतर त्याला रडू आले, हे खरे आहे आणि ते मान्य करतो. पण विकण्याची घाई कशासाठी, तर आलेस गावी आपली पत्रे येऊन पडली असतील म्हणून त्याला त्याच दिवशीची घोडागाडी पकडायची होती. प्रवास पोहोचण्यापेक्षा श्रेष्ठ मानणाऱ्याची ही कथा.

इंजिनिअरिंग त्याने सोडले, यात खोटे काही नाही. दीपगृहे बांधणाऱ्या घराण्यातील हा मुलगा १८७१ मध्ये त्यातून बाहेर पडला. मात्र वडिलांच्या आग्रहाने तो कायदा शिकला आणि १८७५ मध्ये वकील झाला. वकिली त्याने जवळजवळ केली नाही, हेही नाइलाजाने मान्य. आळशांची बाजू घेणारा निबंध त्याने लिहिला आहे. पण त्याच्या सुरुवातीलाच तो बजावतो की, हा आळस म्हणजे काहीही न करणे नव्हे, तर प्रतिष्ठितांच्या नियमावलीत ज्याची नोंद होत नाही असे पुष्कळ काही करणे होय.

‘मजेत’ या शब्दाविषयी थोडेच लिहितो. १८७९ मध्ये तो ग्लासगोहून स्थलांतरितांच्या जहाजाने न्यूयॉर्कला आणि तिथून स्थलांतरितांच्याच रेल्वेने कॅलिफोर्नियाला गेला, आणि त्या प्रवासाने त्याची आधीच नाजूक असलेली प्रकृती पार ढासळली. जहाजावरील दिवसांचे त्याचे वर्णन वडिलांना अशोभनीय वाटले. छपाईपर्यंत गेलेले ते पुस्तक मागे घेतले गेले आणि त्याच्या मृत्यूनंतर, १८९५ मध्ये, बाहेर आले. भाचीला मी तेच वाचायला पाठवले आहे.