‘हे फोनवर सांगता आलं असतं’: एक स्टार देणाऱ्या ग्राहकाला उत्तर

नमस्कार,

तुमची तक्रार थोडक्यात अशी: टॅटूचं काम अर्धवट असताना मशीन बंद पडलं. आम्हाला फोन केलात, तर ‘पॉवर सप्लाय उघडू नका, सगळं पाठवून द्या’ एवढं सांगून आमच्याकडून फोन ठेवला गेला. सामान परत आलं ते ‘कॉर्ड खराब’ असा दोन शब्दांचा शेरा घेऊन, वर तपासणीचे पैसेही घेतले. ‘हे फोनवर सांगता आलं असतं,’ असं तुम्ही लिहिलंय.

आलं असतं. चूक आमची आहे आणि तपासणीचे पैसे परत करतोय.

फोन घेणाऱ्याने एकच गोष्ट विचारायला हवी होती: कॉर्ड हलवली की मशीन मधेच चालू होतं का? क्लिप कॉर्डची, म्हणजे पॉवर सप्लायपासून मशीनपर्यंत वीज नेणाऱ्या कॉर्डची, तार बहुतेक वेळा क्लिपच्या किंवा प्लगच्या मुळाशी तुटते, कारण हात फिरतो तशी ती तिथेच वाकत राहते. वरून आवरण शाबूत, आत तांब्याचे दोन-चार धागे उरलेले. पॉवर सप्लायच्या डिस्प्लेवर 8 व्होल्ट दिसत राहतात, पण मशीनवर भार आला की मशीन मान टाकतं. तुमच्या कॉर्डचं हेच झालं होतं.

पुढच्या वेळी आधी सुई किंवा कार्ट्रिज (सुई बसवलेली नळी) काढा. कॉर्ड हलवताना जोड अचानक लागला तर मशीन हातातच सुरू होतं, आणि वापरलेली सुई टोचणं शॉकपेक्षा महागात पडू शकतं. मग कॉर्ड दोन्हीकडून सोडवून मल्टिमीटर कंटिन्युइटीवर (तार अखंड असेल तर बीप देणाऱ्या सेटिंगवर) ठेवा. एक प्रोब प्लगच्या टोकाला, दुसरा क्लिपच्या एका दांड्याला लावा, बीप आला नाही तर दुसऱ्या दांड्याला. बीप आला की तार मुळाशी हळूच वाकवून बघा. बीप तुटला, तर कॉर्ड गेली. प्लगच्या बाहेरच्या कड्यापासून उरलेल्या दांड्यापर्यंतही तसंच. टोक आणि कडं यांच्यात मात्र बीप येता कामा नये. आला तर आत शॉर्ट आहे. मल्टिमीटर नसेल तर चांगली चालणारी दुसरी कॉर्ड लावून बघा, पण एका वेळी एकच वस्तू बदला. कॉर्ड, पेडल (पायाने मशीन चालू-बंद करायचं बटण), मशीन सगळं एकदम बदललं की दोष कशात होता ते कधीच कळत नाही. पेडल म्हणजे शेवटी एक स्विचच, त्याची तारही अशीच तपासता येते.

आता ज्यावर तुम्ही जास्त चिडलात ते. पॉवर सप्लाय उघडू नका हे आम्ही उद्याही सांगू, फक्त नीट कारण देऊन. बाहेर येणारा डीसी कमी व्होल्टचा असतो, डब्याच्या आतलं चित्र वेगळं आहे. जिथे वीज 230 व्होल्टची आहे तिथे स्विचिंग प्रकारच्या पॉवर सप्लायमधल्या मोठ्या कॅपॅसिटरवर (वीज साठवणाऱ्या भागावर) साधारण 325 व्होल्ट डीसी असतो, आणि प्लग काढल्यावरही तो काही काळ टिकू शकतो. ‘बंद आहे, उघडून बघतो’ म्हणणारे हात तिथेच भाजतात.

फ्यूजला चांदीचा कागद गुंडाळून चालवलं तर, असंही तुम्ही विचारलंय. कृपया नको. बाहेरून बदलता येणारा फ्यूज असेल तर भिंतीवरचा प्लग काढून त्याच रेटिंगचा नवा एकदाच घाला. तोही उडाला तर दोष आत आहे, आणि कागद त्या दोषाला तार जळेपर्यंत मोकळीक देतो.

मशीनच्या सांगाड्याला हात लागताच झिणझिण्या आल्या, तर तपासत बसू नका. मशीन सोडा, कोरड्या हाताने भिंतीवरचा स्विच बंद करा, ग्राहकाला बाजूला घ्या. तो सप्लाय परत लावायचा नाही, कॉर्ड बदलूनही नाही. जळका वास, ओला झालेला डबा, वायरलेस पेनची (बॅटरीवर चालणाऱ्या टॅटू मशीनची) फुगलेली बॅटरी, यांनाही हाच नियम. बॅटरी तर उघडायचीही नाही आणि चार्जिंगलाही लावायची नाही.

तुमचा पॉवर सप्लाय ठीक आहे. मशीन जोडून भारावर चालवून पाहिलाय. जुनी कॉर्ड वेगळ्या पाकिटात परत पाठवतोय. जिथे तार तुटलीय तिथे लाल टेप गुंडाळलीय, आवरण कापून आतलं बघा. इथून पुढे सामानासोबत दोन शब्दांचा शेरा जाणार नाही, काय तपासलं आणि काय सापडलं ते लिहून जाईल.