डोंगरावरचा धंदा बंद पडतो तेव्हा

साताऱ्याकडच्या आमच्या नातेवाइकांत सध्या दोन तट आहेत. एकाला नवीन महाबळेश्वर हवं आहे, दुसऱ्याला मुळीच नको. कास पठार आणि कोयनेच्या जलाशयाच्या परिसरातली आधी २३५ गावं या गिरिस्थानाच्या आराखड्यात आली, मग त्यात आणखी गावांची भर पडली. पुण्याचे मित्र सिंहगडाच्या रोपवेवरून असेच भांडतात. रोजगार, रस्ते, झाडं, पाणी, गडाचं पावित्र्य या सगळ्यावर दोन्हीकडून तळमळीने बोललं जातं. पण तीस-चाळीस वर्षांनी हा धंदा बंद पडला तर त्या डोंगराचं काय होणार, हा प्रश्न मी अजून कोणाच्या तोंडून ऐकलेला नाही. मी राहते त्या अमेरिकेतल्या पश्चिम मॅसॅच्युसेट्समध्ये या प्रश्नाचं उत्तर हमरस्त्याच्या कडेलाच आहे.

होलियोक हे एकेकाळचं कागद गिरण्यांचं शहर. आपल्याकडे गावोगावी खेळला जाणारा व्हॉलीबॉल १८९५ मध्ये इथेच जन्मला. शहराच्या पाठीशी माउंट टॉम आहे, जेमतेम बाराशे फुटांचा. पश्चिमेला उभा कडा, पूर्वेला झाडीचा उतार. कातळ आपल्या सह्याद्रीसारखाच, लाव्हारसाचा बेसॉल्ट, फक्त वयाने कितीतरी जुना. या कड्याखाली उभी राहिले की मला कोकणकडा आठवतोच.

इथे स्कीइंग, म्हणजे पायांना पट्ट्या बांधून बर्फावरून घसरत उतरण्याचा खेळ, सुरू झालं ते १९६०च्या दशकाच्या सुरुवातीला. वरून खालपर्यंतची उतरंड सातशे फुटांच्याही आत, म्हणजे उत्तरेच्या व्हरमाँट राज्यातल्या नामांकित डोंगरांपुढे काहीच नाही. पण हा डोंगर शहरातल्या माणसांचा होता. शाळा-कारखाना सुटल्यावर, संध्याकाळी दिव्यांच्या उजेडात इथे स्कीइंग चालायचं. आज पन्नाशी-साठीत असलेले इथले कितीतरी लोक सांगतात की पायांत पहिल्यांदा स्की बांधल्या त्या टॉमवरच. आयरिश, पोलिश, फ्रेंच-कॅनेडियन गिरणी कामगारांच्या नातवंडांना महागड्या रिसॉर्टचं तोंड न पाहता हा खेळ खेळता आला, ही मला या जागेची सगळ्यात मोठी कमाई वाटते. उन्हाळ्यात तिथे लाटांचा तलाव आणि उतारावरची घसरगाडी असायची. बर्फ कमी पडलं की यंत्राने फवारायचं. ते तंत्रही १९५०च्या सुमारास शेजारच्या कनेक्टिकटमध्येच आकाराला आलं.

१९९८मध्ये हे सगळं थांबलं. न्यू इंग्लंडमध्ये, म्हणजे अमेरिकेच्या ईशान्य टोकाच्या राज्यांत, अशी लहान-मोठी सहाशेहून अधिक स्कीस्थळं बंद पडली आहेत, आणि कारणं बहुतेक ठिकाणी तीच. हिवाळे बेभरवशाचे झाले. बर्फ बनवायला वीज आणि पाणी अमाप लागतं. १९७८मध्ये व्हरमाँटच्या सर्वोच्च न्यायालयाने एका जखमी नवशिक्याला पंधरा लाख डॉलरची भरपाई कायम केली आणि त्यानंतर विम्याचे हप्ते लहान मालकांच्या आवाक्याबाहेर जाऊ लागले. शिवाय इंटरस्टेट ९१ हा महामार्ग. लोकांना टॉमच्या पायथ्याशी आणणारा हाच रस्ता त्यांना आणखी दोन तास पुढे, व्हरमाँटच्या मोठ्या डोंगरांवर घेऊन गेला. आपल्याकडे रस्ता झाला की गाव भरभराटीला येणार, असं घाटावरच्या प्रत्येक सभेत सांगतात, तेव्हा मला हा महामार्ग दिसतो.

टॉमवर ही पहिली वेळही नव्हती. १८९७मध्ये ट्रॅम कंपनीने शिखरापर्यंत चढणीची रेल्वे नेली आणि वर टोलेजंग विश्रामगृह बांधलं. ते जळलं, पुन्हा बांधलं, तेही जळलं. १९३८पर्यंत रेल्वेही संपली. पायथ्याचं माउंटन पार्क हे करमणुकीचं उद्यान १९८७मध्ये बंद झालं. एका डोंगरावर शंभर वर्षांत तीन मोठे उद्योग आले आणि तिन्ही गेले. तिन्ही सुरू झाले तेव्हा ते कायमचे आहेत असंच लोकांनी धरलं असणार.

मग उरलं काय? लाकडं सडलेली, भिंती रंगवून विद्रूप केलेली इमारत. झाडीत गंजलेलं, माणसांना उतारावर नेणाऱ्या लिफ्टचं लोखंड. शेजारी दगडखाण. डोंगर वाचला तो नशिबाने आणि माणसांच्या खटपटीने. २००२मध्ये निसर्गरक्षण करणारी एक जुनी संस्था, राज्य सरकार, केंद्राचं वन्यजीव खातं आणि शहरातला मुलांचा क्लब यांनी मिळून ती जमीन विकत घेतली. त्यानंतरही काही वर्षं खाण चालूच होती. माउंटन पार्कमधला १९२९चा लाकडी घोड्यांचा फिरता पाळणा मात्र होलियोकच्या लोकांनी वर्गणी काढून वाचवला. शाळकरी मुलांनीही पैसे जमवले आणि १९९३पासून तो शहरातच फिरतो आहे. त्या गरीब होत चाललेल्या शहराने हे केलं, याचं मला आजही कौतुक वाटतं.

आता आपल्याकडे या. पुण्याजवळ मोसे खोऱ्यात लवासा हे खासगी गिरिस्थान उभं राहिलं. २०१०मध्ये केंद्राच्या पर्यावरण मंत्रालयाने काम थांबवायला लावलं आणि २०१८मध्ये कंपनी दिवाळखोरीच्या प्रक्रियेत गेली. पैसे अडकलेल्या बँका आणि घर घेणारे निदान कंपनीकडून येणं असलेल्यांच्या यादीत तरी आले. कापलेला डोंगर कोणत्याच यादीत नव्हता. होलियोकला जमीन विकत घेणारी संस्था होती, तिच्याकडे पैसा होता आणि तशी परंपराही होती. आपल्याकडे हे काम करणार कोण? वन खातं? ग्रामपंचायत?

मी रोपवेच्या विरोधात नाही. गुडघ्यांनी हार खाल्लेली माझी आई रायगडावर पोचली ती १९९६पासून चालणाऱ्या रोपवेमुळेच. महाराजांच्या समाधीपुढे तिने हात जोडले, तो दिवस मी कोणत्याही युक्तिवादावर ओवाळून टाकणार नाही. म्हणूनच ‘विकास हवा की निसर्ग’ या मांडणीचा मला कंटाळा आला आहे. व्हरमाँटने १९७०मध्ये, स्कीच्या डोंगरांभोवती सुट्टीच्या घरांचं पीक आल्यावर, मोठ्या बांधकामांसाठी राज्याचा परवाना सक्तीचा करणारा कायदा आणला. अडीच हजार फुटांपेक्षा उंचावरच्या बांधकामाला तर परवाना लागतोच. त्यात पाणी, माती, सांडपाणी, शाळांवर पडणारा भार, सगळं तपासतात. त्या कायद्यावर तिथे आजही वाद आहेत. तरी डोंगर खोदण्याआधी हिशेब मांडायचा, एवढं तिथे ठरून गेलं आहे.

आपल्या आराखड्यांवर हरकती-सूचना मागवतात, तेव्हा माझ्या नातेवाइकांनी, ते कोणत्याही तटाचे असोत, एक सूचना जरूर लिहून द्यावी. परवाना देतानाच कंपनीकडून अनामत रक्कम घ्या, ती सरकारी खात्यात वेगळी ठेवा, आणि खांब, तारा, काँक्रीट काढून उतारावर पुन्हा गवत-झाडं धरेपर्यंत परत करू नका. कंपनी बुडाली तरी ती रक्कम बँकांच्या हाती जाणार नाही, असं करारात लिहा. गिरिस्थान कोयनेच्या खोऱ्यात होणार असेल तर हे काम पहिली वीट बसण्याआधीचं आहे.