हेलेने मायरचा सलाम: एका प्रतिक्रियेला सविस्तर उत्तर

नमस्कार,

जर्मन तलवारबाज हेलेने मायरवरच्या माझ्या लेखाखाली तुम्ही लिहिलेली प्रतिक्रिया नीट वाचली. ती रागाने लिहिलेली आहे, पण विषयाची माहिती असलेल्या माणसाने लिहिलेली आहे. म्हणून दोन ओळींत उत्तर न उरकता सविस्तर लिहिते आहे.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. तुमचं म्हणणं असं की, जिने १९३६ साली बर्लिन ऑलिम्पिकच्या व्यासपीठावर उभं राहून हिटलरच्या राजवटीला सलाम ठोकला, तिला मी तलवारबाजीच्या फॉइल या प्रकारातली गेल्या शतकातली अव्वल खेळाडू म्हणून डोक्यावर घेतलं. वडील ज्यू, स्वतः अमेरिकेत सुखरूप, आणि तरी ती नाझींसाठी खेळायला परत गेली. त्याच वर्षी ऑस्ट्रियाच्या ज्युडिथ डॉइच या जलतरणपटूने बर्लिनला जायला साफ नकार दिला; लिहायचंच तर तिच्यावर लिहायला हवं होतं. शिवाय जिने मायरला हरवलं त्या हंगेरीच्या इलोना एलेकची मी एका वाक्यात बोळवण केली.

त्या सलामाचं मी समर्थन करत नाही, मूळ लेखातही केलं नव्हतं. ते छायाचित्र मीही पाहिलंय. पांढरा पोशाख, छातीवर स्वस्तिकाचं चिन्ह, ताठ पुढे केलेला उजवा हात. बघवत नाही. पण ‘सुखरूप अमेरिकेतून नाझींसाठी खेळायला गेली’ या तुमच्या वाक्याला मात्र माझी ठाम हरकत आहे, कारण त्यात चार वर्षांचा इतिहास गाळलाय.

हेलेने १९१० साली जर्मनीतल्या ऑफेनबाखला जन्मली. वडील ज्यू डॉक्टर, आई ख्रिश्चन. गावातल्या क्लबमध्ये आर्तुरो गात्सेरा नावाचे इटालियन उस्ताद शिकवायचे, त्यांच्या हाताखाली ती घडली. १९२५ ते १९३० अशी सलग सहा वर्षं ती जर्मनीची विजेती. १९२८ साली ॲमस्टरडॅम ऑलिम्पिकला सुवर्णपदक मिळालं तेव्हा ती अवघी सतरा वर्षांची होती. वीस लढतींपैकी अठरा जिंकल्या होत्या. सोनेरी केसांच्या वेण्या डोक्याभोवती गुंडाळून वर पांढरी पट्टी बांधलेली ही उंच मुलगी सगळ्या जर्मनीची लाडकी झाली. तिच्या छोट्या मूर्ती दुकानांत विकायला होत्या. वडील ज्यू आहेत हे तेव्हाही लोकांना ठाऊक होतंच, पण कुणाच्या कौतुकात त्याने खंड पडला नाही.

१९३१ साली वडील गेले. पुढच्या वर्षी लॉस एंजेलिस ऑलिम्पिकला ती पाचवी आली. लढतीच्या काही तास आधी तिचा मित्र लष्करी प्रशिक्षणात दगावल्याची बातमी तिला कळली होती. त्या स्पर्धेनंतर ती कॅलिफोर्नियात राहिली ती शिकायला, क्लेअरमॉन्टच्या स्क्रिप्स कॉलेजात, विद्यार्थी देवाणघेवाणीच्या शिष्यवृत्तीवर. म्हणजे तिने देश सोडला नव्हता. शिकून परत जायचं, परराष्ट्र खात्यात नोकरी करायची, असं तिच्या मनात होतं. जानेवारी १९३३ मध्ये हिटलर सत्तेवर आला आणि थोड्याच महिन्यांत तिची शिष्यवृत्ती बंद झाली. ज्या क्लबात ती लहानाची मोठी झाली त्या क्लबाने तिचं नाव सदस्यांच्या यादीतून कमी केलं. मग ती ओकलंडच्या मिल्स कॉलेजात जर्मन आणि तलवारबाजी शिकवू लागली. आई आणि दोन भाऊ जर्मनीतच होते. याला तुम्ही ‘सुखरूप’ म्हणता. बावीस वर्षांच्या मुलीला तिच्या गावाने हाकलून दिलं होतं, एवढंच मला त्यात दिसतं.

आता ती बर्लिनला गेली कशी. इथे मला जरा सविस्तर लिहावं लागेल, कारण लोकांना सलाम आठवतो आणि त्यामागचा सौदा आठवत नाही.

बर्लिनवर बहिष्कार घालावा म्हणून अमेरिकेत मोठी चळवळ चालू होती. तिथल्या हौशी ॲथलेटिक संघटनेचे अध्यक्ष जेरेमाया महोनी स्वतः बहिष्काराच्या बाजूने होते. विरुद्ध बाजूला अमेरिकन ऑलिम्पिक समितीचे एव्हरी ब्रंडेज. ते १९३४ साली जर्मनीत जाऊन आले, यजमानांनी दाखवलं तेवढं बघितलं आणि सगळं आलबेल असल्याचं येऊन सांगितलं. १९३५च्या ऑगस्टमध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचे अमेरिकन सदस्य चार्ल्स शेरिल थेट हिटलरला भेटले. त्यांना हवा होता जर्मन संघात निदान एक ज्यू खेळाडू, दाखवण्यापुरता. सगळ्यांना न्याय मिळावा अशी त्यांची मागणीच नव्हती. त्यानंतर काही आठवड्यांतच मायरला बोलावणं गेलं. तोवर न्यूरेम्बर्गचे वंशकायदे झाले होते आणि त्या कायद्यांनी तिला ‘अर्धी ज्यू’ ठरवलं होतं. डिसेंबरात महोनींच्या संघटनेत मतदान झालं, बहिष्काराचा ठराव अगदी थोडक्या मतांनी पडला, महोनी पायउतार झाले, ब्रंडेज त्यांच्या जागी आले. पुढे हेच ब्रंडेज वीस वर्षं आंतरराष्ट्रीय ऑलिम्पिक समितीचे अध्यक्ष होते. त्या छायाचित्राबद्दल जाब विचारायचा तर मी आधी त्यांना विचारीन.

मायरने होकार देताना अट घातली होती: मला जर्मन नागरिकत्वाचे पूर्ण हक्क हवेत. या अटीवरून ती पैशासाठी किंवा मानासाठी गेली नव्हती हे कळतं. तिला आपण जर्मन आहोत हे लेखी हवं होतं. ते तिला मिळालं नाही. तिकडे प्रचारमंत्रालयाने वर्तमानपत्रांना ताकीद दिली की तिच्या वंशाबद्दल काही छापायचं नाही. बाहेरच्या जगाला दाखवताना ती ज्यू असायला हवी होती, आणि घरच्या वाचकाला ते कळता कामा नये. एका माणसाचा यापेक्षा थंड डोक्याने केलेला वापर मला तरी खेळाच्या इतिहासात सापडत नाही.

आणि ग्रेटेल बेर्गमानचं काय झालं ते पाहा. लाउपहाइमची ही उंचउडीपटू, आईवडील दोघेही ज्यू. जर्मनीत खेळायला बंदी झाली म्हणून ती इंग्लंडला गेली, तिथे १९३४ साली विजेती झाली. मग घरच्यांचं काय होईल याच्या धमक्या देऊन तिला परत बोलावलं गेलं, सरावाला लावलं गेलं. जून १९३६ मध्ये तिने १.६० मीटर उडी मारून जर्मन विक्रमाशी बरोबरी केली. जुलैच्या मध्यावर अमेरिकन संघ जहाजाने निघाला आणि लगेच तिला पत्र आलं: तुमची कामगिरी पुरेशी नाही, तुमची निवड झालेली नाही, उभ्याने बघायची तिकिटं मात्र देऊ. बर्लिनला उंच उडीत पहिल्या तिघींनी १.६० मीटरच पार केले होते आणि सुवर्णपदकासाठी त्यांच्यात पुन्हा उड्या घ्याव्या लागल्या. ग्रेटेलचा तो विक्रम जर्मन संघटनेने परत मान्य केला तो २००९ साली, ती नव्वदी ओलांडल्यावर. अमेरिकन जहाज परतीच्या अंतरापलीकडे गेलं की कोणाची गरज संपते, हे त्या पत्राच्या तारखेवरून स्वच्छ दिसतं. मायर उरली, कारण सोनेरी केसांची ‘अर्धी’ त्यांना चालण्यासारखी होती.

सलामाकडे परत येते. व्यासपीठावरच्या जर्मन खेळाडूंनी तो करायचाच होता. लुट्झ लाँगनेही केला. लांब उडीत अमेरिकेच्या जेसी ओवेन्सच्या मागे दुसरा आलेला हा गडी. ओवेन्सशी झालेल्या त्याच्या मैत्रीच्या कहाण्या आपण शाळेच्या स्नेहसंमेलनांत ऐकवतो, आणि त्याच्या व्यासपीठावरच्या छायाचित्रात तोही हात पुढे करून उभा आहे. त्याच्याकडे कुणी खुलासा मागत नाही. बाप ज्यू असलेल्या मुलीकडे मात्र मागतात. धैर्याची अपेक्षा नेहमी ज्याच्या गळ्याशी सुरी आहे त्याच्याकडूनच का करायची? तिची आई आणि भाऊ त्या राजवटीच्या मुठीत होते. त्या भीतीने तिने हात वर केला की मनापासून केला, हे मी ठरवू शकत नाही, आणि माफ करा, तुम्हीही नाही.

‘बर्लिनला गेलेला प्रत्येक जण त्या पापाचा वाटेकरी’ असं तुम्ही एका ठिकाणी लिहिलंय. मग ध्यानचंदांचा संघही त्यात आला. त्यांनी त्याच स्पर्धेच्या अंतिम सामन्यात जर्मनीला ८-१ हरवलं. आपल्या अमरावतीच्या हनुमान व्यायाम प्रसारक मंडळाचं पथकही त्या वर्षी बर्लिनला गेलं होतं, देशी खेळांची प्रात्यक्षिकं करून आलं. त्यांचा आपल्याला अभिमान आहे आणि तो रास्त आहे. नुसत्या जाण्याला पाप म्हणायचं तर ते सगळ्यांना सारखं लावा.

ज्युडिथ डॉइचबद्दल तुमच्याशी मी शंभर टक्के सहमत आहे. तिने, रूथ लांगरने आणि लुसी गोल्डनरने नकार दिला. ऑस्ट्रियाच्या महासंघाने त्यांच्यावर बंदी घातली आणि त्यांचे किताब काढून घेतले. ते परत द्यायला १९९५ साल उजाडलं. या तिघींपुढे मी मान झुकवते. पण त्या मुली व्हिएन्नाच्या हाकोआ क्लबात पोहायच्या, जो ज्यूंनी ज्यूंसाठी उभा केलेला क्लब होता. ‘आपण कोण’ हा प्रश्न त्यांना पडलेला नव्हता, आणि ‘नाही’ म्हणताना पाठीशी माणसं होती. मायर ना धड इकडची, ना तिकडची. ज्यू म्हणून ती वाढली नव्हती. तिला ज्यू ठरवलं ते सरकारने. जिला स्वतःला तसं वाटतच नव्हतं तिने ‘आपल्या लोकांशी’ गद्दारी केली, असं म्हणणं म्हणजे न्यूरेम्बर्गच्या कायद्याने तिच्यावर मारलेला शिक्का आपणही खरा मानणं. तुम्हाला तसं अभिप्रेत नाही हे मला माहीत आहे. पण तुमच्या वाक्याचा अर्थ तोच होतो.

एका गोष्टीसाठी तिच्यावर माझाही राग आहे. तिच्या होकाराचा उपयोग बहिष्काराच्या विरुद्ध होणार हे तिला अमेरिकेत बसून दिसत असणार. तिथली वर्तमानपत्रं तिच्या हाताशी होती. नुसतं गप्प राहिली असती, उत्तरच पाठवलं नसतं, तरी शेरिल आणि ब्रंडेज यांची पंचाईत झाली असती. सलामापेक्षा हा होकार मला जास्त टोचतो.

आता खेळाचं. तुम्ही म्हणता, एक सुवर्ण आणि एक रौप्य, मग ती अव्वल कशी? पदकांवर जाऊ नका. त्या काळात बायकांना ऑलिम्पिकच्या तलवारबाजीत फॉइल सोडून काही नव्हतं आणि तेही फक्त वैयक्तिक. चार वर्षांतून एकदा एकच संधी. १९४० आणि १९४४ची ऑलिम्पिकं युद्धात बुडाली. जागतिक विजेतेपदं, जी १९३७च्या आधी युरोपियन म्हणून खेळली जायची, तिने १९२९, १९३१ आणि १९३७ साली जिंकली. अमेरिकेचं विजेतेपद आठ वेळा, पहिलं १९३४ आणि शेवटचं १९४६.

शिवाय त्या वेळचं फॉइल कसं खेळलं जायचं तेही लक्षात घ्या. आज टच लागला की दिवा पेटतो. तेव्हा फॉइलला वीज जोडलेली नव्हती. पिस्टच्या, म्हणजे लढतीच्या लांबट पट्टीच्या, दोन्ही टोकांना दोन-दोन पंच उभे, मध्ये मुख्य पंच, आणि टोक धडावर लागलं की नाही हे पाचही जणांनी नुसत्या डोळ्यांनी ठरवायचं. हातावर, पायावर, मुखवट्यावर लागलेलं धरायचं नाही. अशा वेळी नुसता वेग कामाचा नाही. वार पंचांना दिसेल इतका स्वच्छ लागतो. मायरची उंची, लांब पल्ला आणि सरळ, न घाबरता मारलेला लंज (पुढचा पाय झेपावत केलेला वार) यांना तिथे मोल होतं. १९३२ नंतर ती युरोपातल्या तगड्या प्रतिस्पर्ध्यांपासून दूर होती, आणि बर्लिनला तिच्यासमोर आली ती लागोपाठ दोन वर्षं युरोपियन विजेती ठरलेली एलेक. तरीही ती दुसरी आली. पुढच्याच वर्षी पॅरिसला एलेकला मागे टाकून तिने विश्वविजेतेपद घेतलं. अव्वल म्हणताना माझ्या डोळ्यांसमोर हे होतं, आणि मी ते मागे घेत नाही.

बर्लिननंतर ती अमेरिकेत परतली, तिथेच शिकवत राहिली. १९५२ साली जर्मनीला जाऊन तिने लग्न केलं, आणि ऑक्टोबर १९५३ मध्ये स्तनाच्या कर्करोगाने गेली. वय बेचाळीस. म्युनिकच्या ऑलिम्पिक ग्राममध्ये १९७२ साली एका रस्त्याला तिचं नाव दिलं गेलं.

एलेकबद्दलची तुमची तक्रार मात्र रास्त आहे. तो लेख मायरचा होता म्हणून तिथे एलेक थोडक्यात आली, पण ती थोडक्यात मावणारी बाई नाही. तिचेही वडील ज्यू. म्हणजे बर्लिनमध्ये नाझींच्या डोळ्यांदेखत सुवर्ण आणि रौप्य, दोन्ही ज्यू वडिलांच्या मुलींनी नेली. युद्धातून ती वाचली. तिच्याच देशाचा सेबर या तलवारबाजीच्या दुसऱ्या प्रकारातला विजेता एन्द्रे काबोश, बर्लिनच्या दोन सुवर्णपदकांचा मानकरी, १९४४ साली बुडापेस्टचा मार्गारेट पूल स्फोटात कोसळला त्यात गेला. एलेक १९४८ साली लंडनला एकेचाळिसाव्या वर्षी पुन्हा सुवर्णपदक जिंकली, १९५१ साली पुन्हा विश्वविजेती झाली आणि १९५२ साली हेलसिंकीला पंचेचाळिसाव्या वर्षी रौप्य घेऊन आली. पुढचा लेख तिच्यावर लिहायला घेतला आहे. ज्युडिथ डॉइचबद्दल तुमच्याकडे वाचण्यासारखं काही असेल तर जरूर कळवा. हाकोआ क्लबावर मला वेगळं लिहायचं आहे आणि त्यात तुमची मदत झाली तर आवडेल.